दहाला दहा म्हणणारे सर

मी पुन्हा पाय ठेवू शकत नाही अशी परभणीत बरीच दुकानं आहेत. एक ज्यूसवाला, एक झेरॉक्सवाला, स्टेशनजवळचा एक वडापाववाला. भांडण सगळीकडे एकच. मी दहाचं नाणं दिलं, समोरच्याने "हे चालत न्हाई" म्हटलं आणि मी "का?" विचारलं. आवाज चढवते, नाही असं नाही. माझी रूममेट म्हणते, दहा रुपड्यांसाठी एवढा जीव काढतेस, एक दिवस मार खाशील. खाईन. पण दहाला दहाच म्हणीन. हा हट्ट काही माझा जन्मजात नाही. तो मला लावला सातवीत गणित शिकवणाऱ्या सरांनी, आणि त्यांना तो केवढ्याला पडला हे मी समोर उभी राहून बघितलं आहे.

आमचं गाव सोनपेठपासून एसटीने अर्ध्या तासावर. शाळा खासगी संस्थेची, विनाअनुदानित. म्हणजे मास्तरांनी शिकवायचं आणि सरकार कधीतरी पगार सुरू करील म्हणून वाट बघायची. तोवर संस्था देईल ते मानधन घ्यायचं, तेही संस्थेला आठवेल तेव्हा. गावात अशा मास्तरांना 'बिनपगारी, फुल अधिकारी' म्हणायचे. सर मूळचे देवगाव फाट्याकडचे. आमच्या गावात एका खोलीत भाड्याने राहायचे, दोन दगडांवर पाट ठेवून त्यावर स्टोव्ह, आणि रविवारी घरी जायचे. घरी बायको आणि लहान मुलगी. त्या मुलीला ते शाळेत घालणार होते, पगार सुरू झाला की. त्यांचं सगळंच 'पगार सुरू झाला की' ह्यावर अडकलेलं होतं, बायकोला इकडे आणण्यापासून चष्म्याची काच बदलण्यापर्यंत. चष्म्याची एक काच कोपऱ्यात तडकलेली होती, म्हणून ते फळ्याकडे मान तिरपी करून बघायचे. आम्ही पोरं त्यांची नक्कल करायचो. नक्कल करताना पकडलं तर म्हणायचे, "मान आनखी तिरपी पायजे. जमंना तुला."

सर वर्गात कधी बसायचे नाहीत. खुर्ची होती, तिच्यावर ते डस्टर ठेवायचे. चिडले की आवाज वाढवायच्या ऐवजी कमी करायचे, इतका कमी की शेवटच्या बाकावरच्यांना पुढे यावं लागायचं. छडी त्यांनी कधी हातात घेतली नाही. पण गणित सोडवताना कोणी 'समजा' म्हणालं की त्यांच्या कपाळाला आठी पडायची.

"समजा एका डब्यात पाच व दहा रुपयांची मिळून वीस नाणी आहेत..." असं वाचायला कोणी सुरुवात केली की ते हात वर करायचे. "थांब. डबा कुनाचा?"

ही त्यांची खोड. डबा कुणाचा हे ठरल्याशिवाय ते गणित सोडवू द्यायचे नाहीत. पहिल्या दिवशी आम्हाला वाटलं, माणूस येडा आहे. मग आम्ही मालक शोधायला लागलो. कोणी म्हणायचं, डबा सखूआत्याचा, तिला नवऱ्यापासून लपवायचा आहे. कोणी म्हणायचं, टपरीवाल्याचा. सर खूश व्हायचे. एकदा एक मुलगी म्हणाली, "सर, जिला एकून नानी म्हाईत हायत, एकून पैशे म्हाईत हायत, तिला पाचची किती आन दाहाची किती हे कसं म्हाईत न्हाई? मोजताना डोळे मिटले व्हते का?" सरांनी त्या दिवशी गणित घेतलंच नाही. तास संपेपर्यंत हसत होते, मधेच थांबून चष्मा पुसत होते.

एकदा केंद्रप्रमुख तपासणीला आले. त्यांनी फळ्यावर असंच नाण्यांचं उदाहरण लिहिलं आणि एका मुलाला उभं केलं. पोरगं फळ्याकडे बघत राहिलं. साहेब म्हणाले, "काय रे, येत नाही?" पोरगं म्हणालं, "येतंय साहेब. पन डबा कुनाचा?" साहेबांनी मुख्याध्यापकांकडे बघितलं, मुख्याध्यापकांनी सरांकडे, आणि सरांनी खिडकीतून बाहेर. शेरेबुकात काय लिहिलं गेलं ते आम्हाला कळलं नाही, पण महिनाभर मुख्याध्यापक सरांशी नीट बोलत नव्हते.

क्ष मानून समीकरण मांडायला ते शिकवायचेच, अभ्यासक्रमात होतं ते. पण त्याच्या आधी स्वतःची रीत. "आदी सगळ्यायला पाच करा. लहानमोठं कोनी न्हाई. वीस नानी, सगळी पाचची, किती झाले? शंभर. पायजे किती? एकशे तीस. तीस कमी पडायलेत. आता एकेकाला बढती द्या. पाचचं काढून दाहाचं ठिवलं की पाच वाढतात. तीस वाढवायला किती जनायला बढती?" सहा! आम्ही ओरडायचो. "मंग सहा दाहाची, चौदा पाचची. झालं. क्ष कुटं लागला?" आमच्याकडून ऐकून गावातल्या म्हाताऱ्या बायकासुद्धा ही रीत पटकन शिकल्या. आमच्या आईने तर माझ्याआधी उत्तर काढलं आणि आठवडाभर ते घरात वाजवलं.

आता ह्या सगळ्यात एक अडचण होती आणि ती आमच्या गावचीच. आमच्याकडे दहाचं नाणं चालत नव्हतं. कधी बंद पडलं, कोणी बंद पाडलं, कोणाला ठाऊक नाही. एके दिवशी कोणीतरी म्हणालं, हे नकली निघालंय, आणि दुसऱ्या दिवसापासून कोणी घेईना. पाचचं चालायचं, दोनचं चालायचं, एकचंसुद्धा चालायचं. दहाचं हातात आलं की तोंड वाकडं व्हायचं. अशी नाणी मग लोक एकाच ठिकाणी खपवायचे, महादेवाच्या दानपेटीत. महादेव परत करत नाही. गुरवाकडे दहाच्या नाण्यांची पोती पडली होती आणि तो बिचारा तेलवात मात्र उधारीवर आणायचा.

सर मात्र दहाचंच नाणं द्यायचे. सोनपेठच्या बाजारातून येताना काळीपिवळी जीपवाल्याने त्यांचं नाणं घेतलं नाही, वर म्हणाला, "नोट असंल तर बसा, न्हाईतर उतरा." सरांच्या खिशात नोट होती. ते उतरले. वांगी आणि कोथिंबीर घेऊन भर उन्हात गावापर्यंत चालत आले. पाराजवळ लोकांनी विचारलं तर म्हणाले, "त्यानं उतर म्हनलं, म्या उतरलो. पन नानं दाहाचंच हाय." लोक हसले. पुढे कितीतरी दिवस सर दिसले की कोणीतरी म्हणायचं, "चला सर, पायी पायी."

मग आमची चाचणी झाली. पेपरात तेच उदाहरण होतं, पाच व दहा रुपयांची मिळून वीस नाणी, एकशे तीस रुपये. रीत आम्हाला पाठ होती. आणि तरी अर्ध्या वर्गाचं चुकलं. मी लिहिलं होतं: 'दहाची नाणी चालत नाहीत. म्हणून सगळी पाचची धरली. एकशे तीस भागिले पाच, उत्तर सव्वीस. प्रश्नात वीस म्हटले आहे ते चुकीचे आहे.' एका मुलाने सहा दहाची, चौदा पाचची असं बरोबर काढलं आणि खाली लिहिलं, 'म्हणून डब्यात सत्तर रुपये.' वर्गात आम्हाला डबा सखूआत्याचा वाटायचा, तो खोटा डबा होता. परीक्षेत आम्ही जपून वागलो, खऱ्या बाजारात जसं वागतात तसं.

पेपर देताना सर त्या दिवशी खुर्चीवर बसले. डस्टर काढून बसले. आम्ही घाबरलो. माझ्या पेपरावर शून्य होतं आणि शेजारी लिहिलं होतं, 'उत्तर चूक. चूक तुझी नाही.' मला आजही वाटतं, अर्धा मार्क द्यायला हवा होता.

"पुस्तकात दाहा लिवलंय," सर अगदी हळू म्हणाले. आम्ही सगळे पुढे सरकलो. "नान्यावर बी दाहा लिवलंय. बाजार म्हनतो शून्य. मंग म्या तुमाला शिकवायलो ते काय? ह्या वर्गाचे मार्क बाजारानं खाल्लेत. आता बाजाराला इचारावं लागंल."

आमच्या गावात बाजार म्हणजे अण्णा. एसटी थांब्यासमोरचं मोठं किराणा दुकान त्यांचं. अण्णांनी एखादी गोष्ट घेतली की गाव घेणार, अण्णांनी नाकारली की गाव नाकारणार. आणि अण्णाच आमच्या संस्थेचे सचिव. सरांच्या मान्यतेचा प्रस्ताव त्याच महिन्यात वर जाणार होता. त्यावर अण्णांची सही झाली की सर कायम, पगार सुरू. नाही झाली की काहीच नाही, इतकी वर्षं घासलेला खडू वाया. हे गावात शेंबड्या पोरालाही ठाऊक होतं. सरांना ठाऊक नव्हतं असं कसं म्हणणार.

सरांनी गुरवाला नोटा देऊन नाणी घेतली आणि आम्हाला प्रत्येकाला एकेक दिलं. "अण्णाच्या दुकानात जायचं. घरी जे लागतंय ते मागायचं. भांडायचं न्हाई, वरडायचं न्हाई. न्हाई म्हनले की फक्त 'का' इचारायचं, आन उत्तर ऐकून बाजूला व्हायचं."

शाळा सुटल्यावर आम्ही ओळीने उभे राहिलो. पहिल्या मुलाने नाणं ठेवलं आणि साखर मागितली.

"हे चालत न्हाई."

"का?"

"नकली हाय ते."

दुसऱ्याला अण्णा म्हणाले, "बंद झालंय." तिसरीला म्हणाले, "बँक घेत न्हाई." मग म्हणाले, वरून ऑर्डर आहे. मग म्हणाले, टीव्हीवर सांगितलं. माझा नंबर आला तेव्हा त्यांचं कपाळ घामाने भिजलं होतं. मी चहापत्ती मागितली आणि का म्हणून विचारलं. ते माझ्याकडे बघत राहिले आणि एकदम खालच्या आवाजात म्हणाले, "सोनपेठचा व्यापारी माझ्याकडून घेत न्हाई बाई. म्या घिऊन काय करू?"

दुसऱ्या दिवशी सरांनी आम्हाला एकेक कारण विचारून फळ्यावर लिहिलं. फळा भरला. एका नाण्याला एवढी कारणं बघून आम्हाला हसू आवरेना. सरांनी माझ्या कारणाखाली रेघ ओढली. "हे एक खरं हाय. बाकीची अण्णाला बी खरी वाटत नसतील. व्यापाऱ्यानं न्हाई म्हनलं म्हनून अण्णा न्हाई म्हनायलेत, अण्णानं म्हनलं म्हनून गाव. कोनीतरी पयलं हो म्हनलं पायजे का न्हाई?"

फळा कोणीतरी जाऊन अण्णांना सांगितला. कोण ते मला माहीत आहे, पण सोडा.

दोन दिवसांनी मुख्याध्यापक सरांना व्हरांड्यात घेऊन आले. माणूस वाईट नव्हता, घाबरट होता. खिडकीतून आम्हाला सगळं ऐकू येत होतं. "सर, सही राह्यली हाय. अण्णा म्हनतेत, वर्गासमोर माफी मागा, संध्याकाळी सही करतो. तुमच्या लेकराबाळाकडं बगा. जीभ उचलून टाळ्याला लावायची, एवढंच काम हाय."

"मागतो की," सर म्हणाले. "बोलवा त्यायला."

आम्हाला धक्काच बसला. मला खरं सांगायचं तर सरांचा राग आला. कालपर्यंत आमच्या हातात नाणी देणारा माणूस आज माफी मागणार होता.

अण्णा आले, खुर्चीवर बसले. सर फळ्यापाशी उभे राहिले. हातात खडू होता. "पोरांनो, अण्णा म्हनतेत म्या तुमाला चुकीचं शिकवलं. चुकीचं शिकवलं असंल तर माफी मागायलाच पायजे. म्या तुमाला शिकवलं, दाहाचं नानं म्हंजे दाहा." मग ते अण्णांकडे वळले. "अण्णा, ते किती धरायचं? तुमी सांगा, म्या आत्ता फळ्यावर बदलतो आन पोरायची माफी मागतो."

"सर, तमाशा करू नगा."

"तमाशा कशाचा, गनित हाय. शून्य म्हना, शून्य लिवतो. तुमी सचिव हाव संस्थेचे. तुमच्या तोंडून पोरायला कळू द्या."

अण्णा आमच्याकडे बघत होते, पहिल्या बाकावर त्यांचीच पुतणी बसली होती. तिने मान खाली घातली नाही. शून्य म्हणणं त्यांना जमेना आणि दहा म्हणणं परवडेना. ते उठले. "तुमी माफी मागनार का न्हाई, येवढं सांगा."

"कशाची ते सांगा, मागतो."

अण्णा गेले. सरांनी वळून फळ्यावर पुढचं उदाहरण लिहायला घेतलं, तर खडू मोडला. दुसरा घेतला, तोही मोडला. मला रडू येत होतं आणि त्याहून जास्त राग येत होता, अण्णांचा, मुख्याध्यापकांचा, सगळ्या गावाचा. तो अजून उतरलेला नाही आणि उतरावा असं मला वाटतही नाही.

सही झाली नाही. महिनाअखेरीस सरांना सांगण्यात आलं की संस्थेला आता त्यांची गरज नाही. राहिलेलं मानधन दुकानावरून घेऊन जा.

सर निघाले ती सकाळच्या एसटीची वेळ होती, थांब्यावर बरीच माणसं होती. सर आपली वळकटी आणि स्टोव्ह घेऊन आले. आम्ही शाळेत जायचं सोडून तिथेच घुटमळत होतो. अण्णांनी गड्याकडून एक जड थैली आणवली आणि दुकानाच्या पायरीवर धाडकन ठेवली. गुरवाकडून हिशेबापुरती दहाची नाणी त्यांनी उचलून आणली होती, देवाला त्याबदली नोटा देऊन.

"घ्या सर तुमचा हिसाब. लय लळा हाय ना तुमाला दाहाच्या नान्याचा? मोजून घ्या. मागून म्हनू नगा, अण्णानं फसवलं."

थांब्यावरचे लोक हसले. कोणीतरी म्हणालं, "आता काळीपिवळीत कसं बसावं सरांनी?" आणखी हसले.

सर पायरीवर बसले. नाणी काढून दहा-दहाच्या थप्प्या लावायला लागले, अगदी शांतपणे. पहिली थप्पी झाली तसं वर बघितलं. "अण्णा, ही एक थप्पी किती धरली?"

"किती म्हंजे? शंभर."

"मागच्यायला ऐकू गेलं न्हाई."

अण्णांना मजा येत होती. सगळं गाव बघत होतं आणि त्यांचं पारडं जड होतं. ते पायरीवर पुढे आले आणि मोठ्याने म्हणाले, "शंभर! प्रत्येक थप्पी शंभराची! एक पैसा कमी न्हाई! संस्था कुनाचं ठिवत न्हाई!"

"बरोबर," सर म्हणाले. सगळ्या थप्प्या मोजून झाल्यावर त्यांनी थैलीचं तोंड बांधलं. "हिसाब पोचला."

एसटी आली. सर थैली, वळकटी, स्टोव्ह घेऊन चढले. अण्णांना रामराम केला, मनापासून केला असं मला वाटलं. कंडक्टर सामान आत ढकलत होता, कोणाचीतरी शेळी दारात अडकली होती, गाडी निघायला वेळ लागत होता.

तेवढ्यात माझी आई गर्दीतून पुढे झाली. ती सकाळपासून तिथे का उभी होती हे मला तेव्हा कळलं. तिने पदराची गाठ सोडली आणि दहाचं नाणं अण्णांच्या समोर ठेवलं. "पाच रुपयवाली चाहापत्तीची पुडी द्या."

अण्णांनी सवयीने तोंड उघडलं आणि मिटलं. आईच्या मागे सखूआत्या उभी राहिली, तिच्या मागे आणखी एक बाई. थांब्यावरचं हसणं थांबलं होतं. अण्णांनी एकदा पायरीकडे बघितलं, जिथे आत्ताच थप्प्या लागल्या होत्या. मग गल्ला उघडला, नाणं आत टाकलं आणि पुडी काढून दिली.

मी धावत एसटीपाशी गेले. सर खिडकीत बसले होते, मांडीवर थैली धरून. मी खालून ओरडले, "सर, घेतलं! अण्णानं आईचं दाहाचं घेतलं!"

सरांनी मान तिरपी करून माझ्याकडे बघितलं. "काय घेतलं तिनं?"

"चाहापत्ती. पाच रुपयवाली."

"वापस किती दिले?"

मी आईकडे बघितलं. आईने हात वर करून तळहातावरचं नाणं दाखवलं.

"पाच, सर."

"मंग बरोबर हाय," सर म्हणाले, आणि कंडक्टरने घंटी मारली.